घराची जाहिरात आणि राहणाऱ्यांचा रकाना

इस्टेट एजंटच्या दुकानाबाहेर काचेवर कशा जाहिराती चिकटवलेल्या असतात, घराचा रंगीत फोटो आणि खाली एरिया किती, खोल्या किती, बाग आहे का, समुद्र किती लांब, तशाच वीस जाहिराती तैसीर बातनीजी या पॅलेस्टिनी कलाकाराने केल्यात. फोटोतली घरं मात्र बॉम्बने फुटलेली आहेत. खालचा मजकूर एकदम थंड, एजंटच्या भाषेतला, इतके चौरस मीटर, इतक्या खोल्या, पुढे मोकळी जागा, आणि सगळ्यात खाली राहणारे किती जण. मालिकेचं नाव जीएच०८०९, म्हणजे गाझा हाउसेस २००८-२००९. २७ डिसेंबर २००८ ते १८ जानेवारी २००९ या बावीस दिवसांत इस्रायलने गाझावर जो हल्ला केला, त्यातली ही घरं. बातनीजी स्वतः गाझाचा, पण राहतो पॅरिसला, आणि त्या वेळी त्याला गाझात जाता येणं शक्य नव्हतं म्हणून त्याने तिथल्याच एका पत्रकाराला लांबून सूचना देऊन हे फोटो काढून घेतले.

ज्याचं गाव उद्ध्वस्त झालंय त्याने जाहिरातीची नक्कल करत बसावं हे पहिल्यांदा बघताना खटकतं, मलाही खटकलं. पण जितका विचार करते तितकं मला वाटतं की गाझाबद्दल बोलायची हीच पद्धत बरोबर आहे, आणि आपण सगळे ज्या पद्धतीने बोलतो, म्हणजे रक्ताचे फोटो, रडणारं पोर, खाली तुटलेल्या हृदयाचा इमोजी, ती पद्धत चुकीची नसली तरी फुकट जाणारी आहे. हळहळीने कोणाचं काही बिघडत नाही. मेलेल्या मुलाचा फोटो बघून आपण दोन मिनिटं सुन्न होतो, फॉरवर्ड करतो आणि खालच्या पोस्टवर जातो, त्या पोराच्या आईला कोणी विचारलंही नसतं की हा फोटो जगभर फिरवू का. हिशोब मांडला की मात्र बिघडतं. अमुक चौरस मीटरचं घर होतं, त्यात अमुक माणसं राहत होती, ते आता नाहीये, असं लिहिलं की पुढचे प्रश्न आपोआप येतात, मालक कोण, पाडलं कोणी, भरपाई कोण देणार, ती माणसं आता कुठे झोपतात. दया दाखवणाऱ्याला या प्रश्नांची उत्तरं द्यावी लागत नाहीत.

आपल्याकडे सातबारा माहीत नसलेला माणूस सापडणार नाही, गट नंबर, क्षेत्र, खातेदाराचं नाव, आणि त्या कागदासाठी दोन सख्खे भाऊ तीस तीस वर्षं कोर्टात जातात. बातनीजीच्या त्या वीस चौकटी बघताना मला तोच कागद आठवतो. कलेच्या समीक्षेत त्याच्या कामाला बरीच मोठमोठी विशेषणं लावलेली असतात, मला विचाराल तर हा माणूस मुळात नोंदी करणारा आहे, आणि नोंद करायची साधनं हातातून काढून घेतल्यावर नोंद कशी करायची हे त्याने शोधून काढलंय.

त्याचा जन्म १९६६ चा, म्हणजे पुढच्याच वर्षी गाझा इस्रायलच्या ताब्यात गेलं. वेस्ट बँक या दुसऱ्या पॅलेस्टिनी भागातल्या नाब्लुसच्या अन-नजाह विद्यापीठात तो चित्रकला शिकला, नव्वदच्या दशकात फ्रान्सला गेला. त्याच्या प्रवासाच्या इस्रायली कागदावर राष्ट्रीयत्वाच्या जागी चक्क 'अनिश्चित' असा शेरा होता, आणि असे कागद, अर्ज, शिक्के जमवून त्याने त्याचंच एक काम उभं केलं. २००४ मध्ये इजिप्त आणि गाझामधल्या रफाह या सीमानाक्याच्या वाटेवर त्याने चोरून फोटो काढले. तिथे फोटोला बंदी, त्यामुळे फोटोंत काही म्हणजे काही घडत नाही, नुसती बसलेली माणसं, बॅगा, ताटकळणं. ज्यांनी कधी तालुक्याच्या ऑफिसात दिवस घालवलाय त्यांना ते चेहरे ओळखू येतील, फक्त इथे खिडकी उघडली नाही तर घरीच जाता येत नाही.

यातलं मला सगळ्यात पटणारं काम २००८ चं आहे, वेस्ट बँकमधल्या इस्रायली टेहळणी मनोऱ्यांचे फोटो. जर्मनीत बर्न्ड आणि हिला बेखर या नवराबायकोने जुन्या कारखान्यांचे, पाण्याच्या टाक्यांचे फोटो काढायची एक शिस्त घालून दिली होती, काळेपांढरे, समोरून, सारखा उजेड, एकाशेजारी एक मांडलेले, लोक त्याला फोटोग्राफीतला मोठा टप्पा मानतात. बातनीजीने तीच मांडणी घेतली. पण गाझात जन्मलेल्याला वेस्ट बँकमध्ये फिरता येत नाही म्हणून हेही फोटो त्याने दुसऱ्याकडून काढून घेतले, आणि ज्याने काढले त्याला मनोऱ्यासमोर ट्रायपॉड लावून उजेडाची वाट बघत बसायची सोय नव्हती, कारण मनोऱ्यात बंदूक घेतलेला माणूस आहे. त्यामुळे फोटो हललेले, कुठे फोकस गेलेला, कुठे फ्रेम वाकडी. बेखर जोडप्याला जो निवांतपणा होता तो इथे नाही हे त्या वाकड्या फ्रेममधूनच कळतं, खाली वेगळं समजावून सांगायला लागत नाही.

२०१५ ते २०१७ या काळातलं कामही तसंच. तो पॅरिसहून गाझातल्या आईशी, घरच्यांशी व्हॉट्सॲपवर व्हिडिओ कॉल करायचा, नेट तुटायचं, स्क्रीनवर आईचा चेहरा फुटून हिरवे राखाडी चौकोन व्हायचे, आणि नेमका त्या क्षणाला हा स्क्रीनशॉट घ्यायचा. बस्स, एवढंच काम. आता परदेशात पोरगं असलेल्या प्रत्येक मराठी घरात हे होतं, "ऐकू येतंय का, अगं दिसत नाहीये, थांब परत लावतो", आपण हसून सोडून देतो कारण दिवाळीत तो येणार असतो. गाझातली वीज आणि नेट दोन्ही बाहेरच्यांच्या हातात, मुलाला जायची परवानगी नाही, आईला बाहेर पडायची नाही, त्यामुळे कॉल तुटणं हा कंपनीचा प्रॉब्लेम राहत नाही. त्या चौकोनांमध्ये वेढा दिसतो असं मी म्हटलं तर कोणी म्हणेल ताई जरा जास्तच होतंय, पण मग वेढा दिसायला कसा असतो ते तुम्ही सांगा, कारण तो फोटोत पकडणं महाकठीण आहे, स्फोट पकडता येतो, पण औषध मिळालं नाही, परमिट आलं नाही, पोरगा आला नाही, हे कसं दाखवणार.

त्याच्या एका भावाला १९८७ मध्ये, पहिल्या इंतिफादाच्या, म्हणजे पॅलेस्टिनी उठावाच्या, सुरुवातीच्या दिवसांत, इस्रायली स्नायपरने मारलं. पंचवीस वर्षांनी त्याने त्या भावाच्या लग्नाच्या अल्बममधले फोटो समोर ठेवून साठ चित्रं केली, शाई नाही, पेन्सिल नाही, नुसत्या टोकाने कोऱ्या कागदावर दाबून काढलेल्या रेषा, लांबून बघितलं तर कागद पांढराच. हे मी फार ताणत नाही, घरचं दुःख आहे. एवढंच की इथेही त्याने मृतदेह घेतला नाही, लग्न घेतलं.

आता याच्याविरुद्ध जे बोललं जातं त्याकडे येते. पहिला आक्षेप डावीकडून येतो आणि तो मला जड वाटतो. माणसं मरतायत आणि तुम्ही गॅलरीत वाइनचे ग्लास घेऊन पिक्सेल बघताय, ही श्रीमंतांची हळहळ नाही का, खरे फोटो तर तिथे जीव धोक्यात घालून काढणाऱ्यांचे. खरं आहे. ऑक्टोबर २०२३ पासून गाझात दोनशेहून जास्त पत्रकार मारले गेलेत, इतके कुठल्याच अलीकडच्या युद्धात गेले नाहीत. फातिमा हसूना ही पंचवीस वर्षांची फोटोग्राफर १६ एप्रिल २०२५ ला घरावरच्या हल्ल्यात घरच्यांसकट गेली, आणि इराणी दिग्दर्शिका सेपिदेह फारसी हिने तिच्याशी व्हिडिओ कॉलवर बोलत बोलत केलेली डॉक्युमेंट्री फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाच्या वेळी दाखवली जाणार ही बातमी आदल्याच दिवशी आलेली. हसूनाचे फोटोही बघा, ढिगाऱ्यात आहेत, पण त्यात माणसं काहीतरी करतायत, पाणी भरतायत, पोरं खेळतायत. म्हणजे जी आत होती आणि जो बाहेर अडकलाय, दोघांना एकच गोष्ट महत्त्वाची वाटली. मला यात गॅलरी विरुद्ध रस्ता असं भांडण दिसत नाही. आणि बातनीजी बाहेर अडकलाय हा त्याचा गुन्हा नाही, इस्रायल उभं राहताना १९४८ मध्ये ७ लाखांच्या वर पॅलेस्टिनी माणसं बाहेर काढली गेली, त्यांच्या पुढच्या पिढ्यांनी मग काय गप्प बसायचं?

दुसरा आक्षेप आपल्या व्हॉट्सॲप ग्रुपवर रोज असतो, की हे एकतर्फी आहे, ७ ऑक्टोबरचं काय. ७ ऑक्टोबर २०२३ ला हमासने सुमारे १२०० माणसं मारली, २५१ जणांना ओलीस नेलं, त्यात म्हातारी होती, लहान मुलं होती, त्याचं समर्थन करणाऱ्याशी मला बोलायचंच नाही. पण घराच्या जाहिरातीवर राहणाऱ्यांचा आकडा लिहिणाऱ्या माणसाकडे बॅलन्स मागायचा म्हणजे नक्की काय मागायचं? त्याने खाली एक ओळ टाकावी का की दुसऱ्या बाजूचीही घरं आहेत? किबुत्झमधल्या, म्हणजे इस्रायली सामूहिक वसाहतींमधल्या, जळालेल्या घरांचीही अशीच नोंद व्हावी, झालीही आहे, त्या नोंदीखाली कोणी गाझाची ओळ मागत नाही आणि मागूही नये. तोच नियम इथे लावा.

मग येतं काश्मिरी पंडितांचं काय, तेव्हा कुठे होतात. हा प्रश्न बहुतेक वेळा तोंड बंद करायला विचारला जातो, तरी त्याचं उत्तर सरळ आहे. १९९० नंतर श्रीनगरमधली जी घरं बंद पडली, विकावी लागली, ढासळली, त्यांच्यासाठीही हीच पद्धत हवी, घर, क्षेत्रफळ, राहणारे किती. त्यांच्या नावाने दर निवडणुकीला गळा काढला जातो आणि घराचा हिशोब कोणी मांडत नाही, हे त्यांच्यातलेच लोक सांगतात. हळहळ आणि हिशोब यातला फरक मला म्हणायचाय तो तिथेही तसाच लागू आहे.

आणि हिशोबाला एवढं महत्त्व का देते, तर माणसं हाकलून देणं हे अर्धंच काम असतं, उरलेलं अर्धं कागदावर होतं. इस्रायलने १९५० मध्ये गैरहजर मालमत्तेचा कायदा केला, जो घर सोडून गेला तो गैरहजर, त्याची मालमत्ता सरकारी रखवालदाराकडे. गंमत, म्हणजे गंमत कसली, अशी की जी माणसं इस्रायलच्या हद्दीतच होती, फक्त शेजारच्या गावाला पळाली होती, तीही कायद्याने गैरहजर ठरली, स्वतःच्या घरापासून चार मैलांवर बसून. पुस्तकांचंही तेच. १९४८ मध्ये जेरुसलेममधल्या रिकाम्या झालेल्या पॅलेस्टिनी घरांतून सुमारे ३० हजार पुस्तकं उचलली गेली, त्यातली काही हजार इस्रायलच्या राष्ट्रीय ग्रंथालयात 'सोडून दिलेली मालमत्ता' या शेऱ्याखाली राहिली, आणि एमिली जासिर या पॅलेस्टिनी कलावतीने तिथे जाऊन आपल्या मोबाइलवर त्या पुस्तकांच्या आतल्या खुणांचे फोटो काढले, मालकाची सही, कोणी कोणाला भेट दिलं ती ओळ, समासातलं पेन्सिलीचं टिपण. पुस्तकाच्या पहिल्या पानावर नाव लिहायची सवय आपल्यालाही आहे, ती सवय एक दिवस पुरावा म्हणून उपयोगी पडेल असं त्या माणसाला वाटलं असेल का कधी. १९८२ मध्ये इस्रायली सैन्य बैरुतमध्ये घुसलं तेव्हा तिथल्या पॅलेस्टाइन रिसर्च सेंटरची लायब्ररी उचलून नेली, ती पुढच्या वर्षी कैद्यांच्या अदलाबदलीत परत करावी लागली, माणसांच्या बरोबरीने कागदांची देवाणघेवाण! आणि २०२३ च्या शेवटी गाझा शहराचं मध्यवर्ती अर्काइव्ह, म्हणजे जुन्या कागदपत्रांचं दप्तर, जळून गेलं. इतकी वर्षं कागद नेमका का जातो हे एकदा बघितलं की बातनीजीच्या थंड मजकुरातला राग दिसायला लागतो.

महाराष्ट्रात इस्रायल म्हटलं की ठिबक, पॉलीहाउस आणि शेतकऱ्यांचे अभ्यासदौरे, इतक्या जणांनी त्यावर लिहिलंय की तो देश आपल्याला सोलापूरपेक्षा जवळचा वाटतो. त्यातून आपली बेने इस्रायली माणसं, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू, अलिबाग-पेण भागात ज्यांना शनिवार तेली म्हणायचे, १९४८ नंतर तिकडे गेली, आजही तिथे मराठी बोलतात, मायबोली नावाचं मराठी नियतकालिक तिथून निघालंय. त्यांना इथून कोणी हाकललं नव्हतं आणि तिथे त्यांनी कोणाला हाकललं नाही, उलट ते खरे ज्यू आहेत की नाहीत म्हणून लग्नं अडवली गेली, १९६४ पर्यंत त्यांना त्यासाठी आंदोलन करावं लागलं. पण ती वसली कुठे ते बघा, लोद, रामला, बेरशेबा, अश्दोद. लोद आणि रामलामधून जुलै १९४८ मध्ये ५० ते ७० हजार पॅलेस्टिनींना भर उन्हात चालत काढून दिलं गेलं, लोदच्या आदेशावर सही यित्झाक राबिन यांची, तेच पुढे पंतप्रधान झालेले आणि शांततेचं नोबेल मिळालेले. अश्दोदच्या शेजारी इस्दूद होतं, तिथली माणसं गाझात गेली, आणि गाझातल्या साधारण सत्तर टक्के लोकांची नोंद निर्वासित म्हणून आहे ती अशाच गावांमुळे. म्हणजे मराठीत वाढदिवसाचं गाणं म्हटलं जातं अशा गावांचे आधीचे रहिवासी बॉम्बखाली आहेत. यात बेने इस्रायलींना आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करायचं नाहीये, पण पॅलेस्टाइनचा आणि मराठीचा काय संबंध असं कोणी विचारलं तर संबंध एवढा जवळचा आहे.

त्या वीस जाहिरातींकडे परत जायचं कारण म्हणजे मधल्या काळात एक विचित्र गोष्ट घडली. २०२४ च्या सुरुवातीला ट्रम्प यांचे जावई जॅरेड कुशनर एका मुलाखतीत म्हणाले की गाझाच्या किनाऱ्यालगतची जमीन फार मोलाची ठरू शकते, आणि ४ फेब्रुवारी २०२५ ला खुद्द ट्रम्प यांनी नेतान्याहूंच्या शेजारी उभं राहून जाहीर केलं की अमेरिका गाझा ताब्यात घेईल, तिथे मध्यपूर्वेची रिव्हिएरा, म्हणजे श्रीमंतांच्या सुट्टीचा समुद्रकिनारा, होईल, माणसं दुसरीकडे जातील. बातनीजीने जी भाषा उपहासाने वापरली ती पंधरा वर्षांनी राष्ट्राध्यक्षांनी गंभीरपणे वापरली. दोन्ही जाहिरातींत समुद्र आहे, दोन्हीत जागेचं मोल आहे. फरक एका रकान्याचा. बातनीजीच्या जाहिरातीत शेवटी राहणारे किती हे लिहिलेलं असतं आणि ट्रम्प यांच्या जाहिरातीत तो रकानाच नाही, वीस लाखांहून जास्त माणसांचा रकाना. इस्टेट एजंटची भाषा मुळात निर्दय असते म्हणून बातनीजीने ती उचलली असं मी आधी समजत होते, आता वाटतं की त्या भाषेत पुढे काय येणार आहे ते गाझाच्या माणसाला आधीच माहीत होतं, जमीन हवी असते, माणूस नको असतो, हे तिथे १९४८ पासून कोणाला शिकवावं लागत नाही.

फेब्रुवारी २०२५ मध्येच जागतिक बँक, संयुक्त राष्ट्रं आणि युरोपियन युनियनने मिळून पुनर्बांधणीला ५३ अब्ज डॉलर लागतील असा अंदाज काढला, त्यात सगळ्यात मोठं नुकसान घरांचं. पैसे कोण देणार यावर परिषदा होतील, ठेकेदार येतील, नकाशे निघतील. कोणत्या ढिगाऱ्यावर कोणाचा हक्क, हे विचारलं जाईल तेव्हा अर्काइव्ह जळालेलं असेल, घरातली कागदपत्रं स्लॅबखाली असतील आणि कित्येक ठिकाणी सांगायला कुटुंबच नसेल. वीस फोटो कोर्टात टिकणार नाहीत, ठाऊक आहे मला. पण लोकांच्या मोबाइलमधले फोटो, हसूनासारख्यांनी काढलेले, नातेवाइकांना पाठवलेले, घराच्या दारातले, लग्नातले, हे सगळं पत्त्यासह आणि नावासह जमवून ठेवणं हे आता कलेपेक्षा महसुली काम झालंय, आणि ज्या देशांना मदतीचा पुळका आहे त्यांनी पहिला पैसा त्यावर खर्च करावा. जुना अनुभव असा की नोंदी असूनही पुरत नाहीत. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेच्या ११ डिसेंबर १९४८ च्या ठराव १९४ मध्ये साफ लिहिलंय की ज्यांना घरी परत जाऊन शांततेने राहायचंय त्यांना जाऊ द्यावं, ज्यांना नाही त्यांना मालमत्तेची भरपाई द्यावी, आणि त्यानंतर संयुक्त राष्ट्रांच्या आयोगाने पुढच्या दीड दशकात पॅलेस्टिनींच्या जमिनींच्या लाखो नोंदी खातेदारांच्या नावांसकट तयारही केल्या. त्या न्यूयॉर्कला आहेत, स्कॅनसुद्धा करून झाल्यात.